छायालेखकाचे कर्तृत्व : व्ही. के. मूर्ती यांच्या कारकीर्दीचा विचार

(१)

मराठीत चित्रपटाविषयी जे गंभीर लेखन झाले आहे त्यात कथा, अभिनय, संगीत आणि दिग्दर्शन या चार अंगांचा विचार कमीअधिक विस्ताराने आढळतो. छायालेखनाच्या वाट्याला मात्र बहुधा लेखाच्या अखेरीस येणारे एखादे वाक्य येते : छायाचित्रण सुरेख आहे, किंवा प्रसंगानुरूप आहे. या वाक्यातून वाचकास काहीच कळत नाही. एखाद्या कवितेविषयी ‘शब्द चांगले आहेत’ एवढेच म्हणून थांबणारा टीकाकार आपण टीकाकार म्हणून मान्य करणार नाही; परंतु चित्रपटाच्या बाबतीत तो आपण निमूटपणे मान्य करीत आलो आहो.

या उदासीनतेला एक तात्त्विक कारणही आहे. चित्रपट ही अनेकांनी मिळून केलेली कृती असल्यामुळे तिच्यातील कोणता गुण कोणाचा हे ठरविणे अवघड असते, आणि म्हणून सर्व श्रेय दिग्दर्शकाच्या नावे जमा करून टीकाकार मोकळा होतो. आपल्याकडील स्वामित्वविषयक कायद्यात स्थिर छायाचित्राचा कर्ता ते छायाचित्र घेणारा मानला आहे. चलच्चित्राचा कर्ता मात्र निर्माता. म्हणजे एकच मनुष्य एक चित्र टिपतो तेव्हा तो कर्ता असतो आणि सेकंदास चोवीस चित्रे टिपू लागला की कर्ता उरत नाही. कायद्याला व्यवहार पाहावयाचा असतो, त्यामुळे त्याला दोष देण्याचे कारण नाही. परंतु समीक्षेने कायद्याचीच वाट धरावी काय, हा प्रश्न शिल्लक राहतो.

प्रस्तुत लेखात हा प्रश्न एका कारकीर्दीच्या आधारे तपासावयाचा आहे. व्यंकटरामा पंडित कृष्णमूर्ती ऊर्फ व्ही. के. मूर्ती (१९२३–२०१४) हे हिंदी चित्रपटसृष्टीतील छायालेखक. त्यांची निवड करण्याचे कारण असे की, त्यांची कारकीर्द कृष्णधवल चित्रपट, रुंद पडद्याचा चित्रपट, रंगीत चित्रपट आणि दूरचित्रवाणी या चारही अवस्थांतून गेली. माध्यम चार वेळा बदलले असताना कलावंताजवळ कायम काय राहिले, हे पाहता आल्यास त्याच्या कर्तृत्वाचा काही पुरावा हाती येईल.

(२)

मूर्तींचा जन्म म्हैसूर येथे झाला. बंगलोरच्या श्री जयचामराजेंद्र तंत्रसंस्थेत छायालेखनाचे शिक्षण घेऊन ते १९४६ मध्ये बाहेर पडले. संस्थेतून रीतसर शिकून आलेल्या छायालेखकांच्या पहिल्या पिढीत त्यांची गणना करावी लागेल. तोपर्यंत ही विद्या बहुतेक गुरूच्या हाताखाली राबूनच मिळत असे. मूर्तींनी तोही मार्ग सोडला नाही. मुंबईत त्यांनी फली मिस्त्री यांच्यासारख्या निष्णात छायालेखकाजवळ उमेदवारी केली. ते व्हायोलिनही वाजवीत. गीतचित्रणातील त्यांच्या कामगिरीकडे पाहताना ही गोष्ट अगदीच अप्रस्तुत वाटत नाही.

गुरुदत्त यांचा पहिला चित्रपट ‘बाजी’ (१९५१) याचे छायालेखक व्ही. रात्रा होते व मूर्ती त्यांचे साहाय्यक. एका गीताच्या चित्रणात कॅमेऱ्याची एक अवघड हालचाल मूर्तींनी सुचविली आणि पार पाडली, आणि त्यावरून गुरुदत्तांनी पुढील चित्रपट त्यांच्याकडे सोपविला, असे सांगितले जाते. पुढील चित्रपट ‘जाल’ (१९५२) मूर्तींनीच चित्रित केला, हे निश्चित. त्यानंतर ‘आरपार’ (१९५४), ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ (१९५५), ‘प्यासा’ (१९५७), ‘कागज के फूल’ (१९५९) आणि ‘साहिब बीबी और गुलाम’ (१९६२) ही परंपरा सर्वपरिचित आहे. शेवटच्या दोहोंसाठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिके मिळाली.

१९६४ च्या ऑक्टोबरात गुरुदत्त निधन पावले. मूर्तींच्या कारकीर्दीचे जे वर्णन सामान्यतः केले जाते ते जवळजवळ येथेच संपते. पुढील तीस वर्षांची कामगिरी उपसंहारादाखल उरकली जाते, जणू छायालेखक ही दिग्दर्शकाची सावली आणि तो गेल्यावर तीही गेली. ही मांडणी सदोष आहे असे आमचे मत आहे. परंतु तिचा दोष दाखविण्यापूर्वी तिच्यात तथ्य किती आहे, हेही पाहिले पाहिजे.

(३)

सहकारी कलेत एकाचे श्रेय वेगळे काढण्याचे तीन मार्ग संभवतात. पहिला, तोच छायालेखक दुसऱ्या दिग्दर्शकाबरोबर काय करतो हे पाहणे. दुसरा, तोच दिग्दर्शक दुसऱ्या छायालेखकाबरोबर काय करतो हे पाहणे. तिसरा, एखाद्या विशिष्ट दृश्यात इच्छा कोणाची व उपाय कोणाचा, याची फोड करणे. तिसरा मार्ग सर्वांत फलदायी आहे, कारण कलेत उपाय हा पुष्कळदा इच्छेलाच नवे रूप देतो.

‘कागज के फूल’मधील सर्वश्रुत गीत घ्या. निर्मनुष्य चित्रीकरणगृहात दिग्दर्शक सुरेश सिन्हा आणि नटी शांती एकमेकांपासून दूर उभी आहेत. वरून तिरपा, धारदार कडांचा प्रकाशाचा एक झोत जमिनीवर उतरला आहे. दोघांच्या देहांतून जणू त्यांच्या प्रतिमा बाहेर पडतात आणि त्या झोतात भेटतात. कैफी आझमी यांचे शब्द, सचिनदेव बर्मन यांचे संगीत आणि गीता दत्त यांचा स्वर यांनी या गीताला मोठे केले हे खरेच. परंतु डोळ्यांपुढे जे राहते ते त्या झोतामुळे. गुरुदत्तांना सूर्यकिरणांचा परिणाम हवा होता, आणि मूर्तींनी मोठ्या आरशांवर खरे ऊन परावर्तित करून ते आत आणले, अशी हकीकत स्वतः मूर्तींच्या मुलाखतींतून प्रसिद्ध आहे.

या हकीकतीचे चमत्कृतीपलीकडचे महत्त्व समजण्यासाठी प्रकाशाचा साधा नियम लक्षात घ्यावा लागतो. चित्रीकरणगृहातील दिवा जवळ असतो. त्याचे किरण उगमापासून फाकत जातात, म्हणून त्याचा झोत खाली येईतो रुंदावतो व कडा विरघळतात. सूर्य इतका दूर आहे की त्याचे किरण व्यवहारतः समांतरच असतात, आणि सपाट आरसा ही समांतरता मोडीत नाही. म्हणून आरशातून आलेल्या उन्हाचा झोत वरपासून खालपर्यंत सारख्या जाडीचा, खांबासारखा दिसतो. हवेत धूर वा धूळ असल्यावाचून तो दिसत नाही, आणि सूर्य सरकत असल्यामुळे आरसे सारखे फिरवीत राहिल्यावाचून तो टिकत नाही. कितीही प्रबळ दिवा लावला तरी हे साधले नसते. तेव्हा ‘मला ऊन हवे’ ही इच्छा दिग्दर्शकाची असेल. परंतु जे रूप प्रेक्षकांनी पाहिले, म्हणजे दोन माणसांमध्ये उभा असलेला प्रकाशाचा स्तंभ, ते रूप उपायातून जन्मले आहे. या मर्यादित अर्थाने ते मूर्तींचे आहे.

हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट होता, ही गोष्टही येथे विचारात घ्यावी. नित्याच्या चौकटीत रुंदीचे उंचीशी प्रमाण १.३७ ला १ असे असते, तर सिनेमास्कोपमध्ये ते सुमारे २.३५ ला १. इतक्या रुंद चौकटीत मोकळी जागा भरावयाची कशी, ही त्या काळी सर्वत्रच छायालेखकांची अडचण होती. शिवाय आरंभीच्या या भिंगांतून जवळून घेतलेले चेहरे फुगीर दिसत. मूर्तींनी जागा भरली नाही. तिची रिक्तता तशीच ठेवून तिच्यात अंधार सोडला. आपल्या भाषेतील शब्द येथे अर्थपूर्ण वाटतो. युरोपीय भाषांतील संज्ञेचा व्युत्पत्त्यर्थ ‘प्रकाशलेखन’ असा आहे. आपण मात्र ‘छायालेखन’ म्हणतो. मूर्तींच्या उत्कृष्ट कामाला आपलाच शब्द अधिक साजतो.

(४)

असे असले तरी ‘कागज के फूल’ हे मूर्तींचे सर्वश्रेष्ठ काम होय, हा रूढ निर्णय आम्हांस मान्य नाही. या चित्रपटात प्रकाश पुष्कळदा पात्रांच्या दुःखाहून वेगळा राहून त्या दुःखाला शोभा आणतो. सिन्हाचा ऱ्हास आपण पाहतो, परंतु तो इतक्या सुंदर रीतीने उजळलेला असतो की डोळा शोकापेक्षा रचनेकडे वळतो. झोत कोठून आला याचे कथेत उत्तर आहे, कारण चित्रीकरणगृहाला छप्पर आहे आणि त्यात फटी आहेत. परंतु तो याच क्षणी का यावा याचे उत्तर केवळ दिग्दर्शकाच्या आत्मकरुणेत सापडते.

‘साहिब बीबी और गुलाम’ची गोष्ट वेगळी आहे. बिमल मित्र यांच्या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात अंधार हा विषयाचाच भाग आहे. जमीनदारी वाडा, त्याचे लांब सज्जे, दिवसाही पुरता उजेड न येणारे अंतःपूर आणि तेथे रात्रभर पतीची वाट पाहणारी छोटी बहू, या सर्वांना एक नैसर्गिक अंधार आहे. भूतनाथ प्रथम तिच्या दालनात येतो तेव्हा त्याची दृष्टी खाली आहे; आपल्याला तिची पावले दिसतात, आवाज ऐकू येतो, आणि चेहरा फार उशिरा दिसतो. तो दिसतो तेव्हा त्याच्यावरील प्रकाश मृदू आहे, पण दालनाचे कोपरे काळेच राहतात. पुढे तीच स्त्री मद्याच्या आधीन झाल्यावर तिच्या चेहऱ्यावरील छाया कठीण होत जातात. येथे प्रकाश पात्राबरोबर वयात येतो.

याच चित्रपटातील मिनू मुमताज यांचे नृत्यगीत अभ्यासकाने मुद्दाम पाहावे. मुख्य नर्तिका पूर्ण प्रकाशात आहे. तिच्यामागील नर्तिकांच्या आकृती हलतात, परंतु त्यांचे चेहरे सबंध गीतभर छायेत राहतात. मागील नर्तिकांचे रूप मनासारखे नव्हते म्हणून ही योजना सुचली, असे सांगितले जाते. मूळ कारण इतके व्यावहारिक असेलही. परिणाम मात्र असा झाला की, ज्या वाड्यात एकाच्या विलासासाठी अनेक माणसे बिनचेहऱ्याची होऊन राबतात त्या वाड्याचे सत्य त्या गीतात आपसूक उतरले. अडचणीतून निघालेला उपाय आशयाशी असा एकरूप होणे, हे कलावंताच्या परिपक्वतेचे लक्षण मानावे लागेल.

या चित्रपटाचे दिग्दर्शक म्हणून अबरार अल्वी यांचे नाव आहे. त्यातील गीते गुरुदत्तांनी चित्रित केली असा समज आहे, आणि हा वाद जुना आहे. आमच्या दृष्टीने त्याचे महत्त्व असे की, दिग्दर्शकाविषयी मतभेद असलेल्या या चित्रपटात छायालेखनाविषयी मतभेद नाही. राज खोसला यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘सी. आय. डी.’ (१९५६) मध्येही पार्श्वभूमीला काळोखात ठेवून चेहरा एका बाजूने उजळण्याची तीच रीत दिसते. वर सांगितलेल्या पहिल्या मार्गाने पाहिल्यास, निदान या मर्यादेपर्यंत, शैली मूर्तींची होती असे म्हणता येते.

तिचे स्वरूप तुलनेने अधिक स्पष्ट होईल. याच सुमारास सुब्रत मित्र यांनी ‘अपराजितो’ (१९५६) साठी बनारसच्या घराचे अंगण कलकत्त्यास चित्रीकरणगृहात उभारले असता दिव्यांचा प्रकाश पांढऱ्या कापडावरून परावर्तित करून सावलीविरहित, आभाळासारखा उजेड निर्माण केला. दोघेही परावर्तनाचाच आश्रय घेतात. परंतु मित्र दिव्याच्या प्रकाशाला कापडावर फाकवून आभाळाचे रूप देतात, तर मूर्ती खऱ्या उन्हाला आरशात बांधून रंगभूमीचे रूप देतात. पहिल्याला प्रकाश आहे हे विसरावयास लावायचे आहे. दुसऱ्याला ते लक्षात आणून द्यावयाचे आहे. भारतीय छायालेखनाच्या दोन परंपरा या दोन उपायांत समोरासमोर उभ्या आहेत. टीकाकारांनी दीर्घकाळ पहिलीला वास्तव व दुसरीला नाटकी ठरविले. ‘साहिब बीबी और गुलाम’ पाहिल्यावर हा भेद इतक्या सरळपणे मांडता येणार नाही.

(५)

आता प्रतिकूल पुराव्याकडे वळू. गुरुदत्तांनंतर मूर्तींनी प्रामुख्याने प्रमोद चक्रवर्ती यांच्या चित्रपटांचे छायालेखन केले : ‘जिद्दी’ (१९६४), ‘लव्ह इन टोकियो’ (१९६६), ‘नया जमाना’ (१९७१), ‘जुगनू’ (१९७३). हे चित्रपट लोकप्रिय झाले. त्यांचे छायालेखन स्वच्छ, तेजस्वी व निर्दोष आहे. परंतु त्यातील एखादे दृश्य दाखवून ‘हे मूर्तींचेच’ असे म्हणणे कठीण जाते. ‘दिग्दर्शकाची सावली’ हा पक्ष येथे सर्वांत बळकट होतो.

तथापि याला केवळ व्यक्ती कारण नाही. तत्कालीन रंगीत फिल्मची प्रकाश ग्रहण करण्याची शक्ती कमी होती. तिला पुष्कळ उजेड लागे, आणि गडद छायेत तिचे रंग मळकट होत. कृष्णधवल चित्रात आकृती पार्श्वभूमीपासून वेगळी करण्याचे एकच साधन असते, ते म्हणजे उजेडाचा फरक. रंगीत चित्रात हे काम वस्त्राचा वा भिंतीचा रंगच करून टाकतो. म्हणजे ज्या एका साधनावर मूर्तींची शैली उभी होती त्याची गरजच माध्यमाने काढून घेतली. त्यात तारकांचे चेहरे नेहमी उजळलेले असावेत अशी बाजाराची अपेक्षा. मूर्तींना रंगाचे ज्ञान नव्हते असे म्हणता येत नाही. ‘चौदहवीं का चाँद’ (१९६०) या कृष्णधवल चित्रपटाचे छायालेखक नरीमन इराणी असूनही त्यातील शीर्षकगीत रंगात घ्यावयाचे ठरले तेव्हा ते काम मूर्तींकडे आले होते. म्हणून या कालखंडाविषयी न्याय्य विधान असे होईल : कारागीर तोच राहिला, परंतु त्याला ज्याचा शोध घ्यावासा वाटत होता तो अंधार चित्रपटात उरला नाही. याला ऱ्हास म्हणण्यापेक्षा अनुपयोग म्हणणे अधिक अचूक ठरेल.

(६)

या विधानाची कसोटी दूरचित्रवाणीने घेतली. १९८८ च्या आरंभी दूरदर्शनवर भीष्म साहनी यांच्या कादंबरीवरील ‘तमस’ दाखविण्यात आले. दिग्दर्शक गोविंद निहलानी हे मूर्तींच्याच बंगलोरच्या संस्थेचे विद्यार्थी आणि एके काळचे त्यांचे साहाय्यक. छायालेखनात दोघांचीही नावे आहेत. त्याच वर्षी श्याम बेनेगल यांच्या ‘भारत एक खोज’चे प्रक्षेपण सुरू झाले. या ५३ भागांच्या मालिकेचे छायालेखन मूर्तींनी केले. तेव्हा त्यांचे वय पासष्टीला आले होते.

छोट्या पडद्याच्या अटी रुंद पडद्याच्या अगदी उलट होत्या. चौकटीचे प्रमाण ४ : ३, चित्र ६२५ रेषांचे, आणि मुख्य म्हणजे तेव्हाच्या काचनळीच्या संचाची उजेड व काळोख यांच्यामधील पायऱ्या दाखविण्याची शक्ती चित्रपटगृहातील पडद्याच्या मानाने फारच थोडी. प्रेक्षक दिवे लावलेल्या खोलीत बसलेला. अशा स्थितीत दाट छाया काळी न दिसता करडा चिखल दिसते. म्हणून दूरचित्रवाणीसाठी सर्व दृश्य सारखेच उजळून टाकण्याची प्रथा पडली होती.

‘तमस’चा आरंभ या दृष्टीने पाहावा. एका कोंदट खोपटात रात्री नत्थू डुक्कर मारण्याचा प्रयत्न करीत आहे. पुढे जे होणार आहे त्याची सारी भीती त्या खोलीत कोंडलेली आहे. येथे सारखा उजेड टाकला असता तर दृश्य किळसवाणे झाले असते, आणि नुसता काळोख ठेवला असता तर संचावर काहीच दिसले नसते. प्रत्यक्षात एका दिशेने येणारा मंद उजेड ओम पुरी यांच्या चेहऱ्याची व देहाची एक बाजू धरून ठेवतो आणि बाकीचे सुचवितो. दोन नावे असताना हे दृश्य एकट्या मूर्तींच्या खात्यावर मांडणे योग्य होणार नाही. परंतु गुरू व शिष्य यांच्यात एक रीत समाईक होती, आणि ती रीत कोठून आली हे ‘साहिब बीबी और गुलाम’ पाहिलेल्यास सांगावे लागत नाही.

‘भारत एक खोज’मध्ये प्रश्न आणखी निराळा होता. पंडित नेहरूंनी अहमदनगरच्या किल्ल्यातील बंदिवासात लिहिलेल्या ग्रंथाला हजारो वर्षांचा पट आहे. तो उभा करताना वेदकाळापासून स्वातंत्र्यापर्यंत प्रत्येक भागाला नवा काळ, नवी वास्तू आणि नवे वेष. इतक्या वेगाने उभारलेल्या देखाव्यांवर सरसकट उजेड टाकला तर प्लॅस्टर हे प्लॅस्टरच दिसते. या मालिकेतील अनेक अंतर्दृश्यांत उजेड पात्रांपुरता राहतो आणि दालनाचा विस्तार छायेत सुचविलेला असतो. प्रेक्षकाचे मन उरलेला राजवाडा स्वतः बांधून घेते. नसीरुद्दीन शाह यांनी शिवछत्रपतींची भूमिका केलेले भाग मराठी वाचकांच्या स्मरणात असतील. ते पुन्हा पाहताना पात्रांबरोबर भिंतींकडेही लक्ष द्यावे. मालिकेचे सर्व भाग एकाच तोडीचे नाहीत, काही ठिकाणी घाई उघड दिसते. परंतु रंगीत माध्यमातच, आणि त्याच्या सर्वांत दरिद्री रूपात, मूर्तींची जुनी छाया परत आली, ही गोष्ट निर्विवाद आहे. ज्या चौकटीला दडविण्यासारखे काही होते तेथे अंधार पुन्हा उपयोगी पडला.

(७)

या विवेचनातून निघणारा निष्कर्ष मर्यादित स्वरूपाचा आहे. छायालेखक हा चित्रपटाचा स्वतंत्र कर्ता आहे, असे आमचे म्हणणे नाही. मधल्या कालखंडाने ते खोटे ठरविले आहे. परंतु तो दिग्दर्शकाची सावलीही नव्हे. आधीच्या व नंतरच्या कालखंडाने तेही खोटे ठरविले आहे. त्याचे कर्तृत्व उपायांमध्ये राहते. आणि उपायाला आशयाची हाक मिळाली तरच ते प्रकट होते. ती हाक गुरुदत्तांनी दिली, तशी दोन तपांनंतर निहलानी व बेनेगल यांनीही दिली. हाक देणारे बदलले, उत्तर ओळखू येण्याजोगे राहिले. कर्तृत्वाचा यापेक्षा अधिक पुरावा सहकारी कलेत मागता येणार नाही.

२००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्तींना देण्यात आला. १९६९ पासून दिल्या जाणाऱ्या या पुरस्काराचे ते पहिले छायालेखक मानकरी. ज्यांच्या नावाने तो दिला जातो ते फाळके स्वतः कॅमेरा चालवीत, हे लक्षात घेता हा विलंब विचार करण्याजोगा आहे. समीक्षेने छायालेखनाला शब्दच दिले नाहीत, तर सन्मान करणाऱ्यांनी ते पाहावे तरी कसे?

पदव्युत्तर अभ्यासकांना या संदर्भात एक सूचना कराविशी वाटते. छायालेखनाविषयीचे कोणतेही विधान आपण कोणत्या प्रतीवरून करीत आहो, हे प्रथम नमूद करावे. मूळ फिल्मवरील काळा रंग आणि संगणकाच्या पडद्यावरील काळा रंग यांत इतका फरक असतो की, एका प्रतीवर जे दालन गूढ दिसते ते दुसऱ्या प्रतीवर नुसतेच अंधारे दिसते. पाठचिकित्सेवाचून संतवाङ्मयाचा अभ्यास होऊ शकत नाही हे आपल्या विभागाला सांगण्याची गरज नाही. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय जवळच आहे. तेथे जाऊन एखादी मूळ प्रत पडद्यावर पाहण्याची खटपट अभ्यासकाने अवश्य करावी. त्यानंतर लिहिलेल्या लेखात ‘छायाचित्रण सुरेख आहे’ हे वाक्य बहुधा येणार नाही.